कल्पेनीच्या पाण्यातले कापड

मनमाड स्टेशनवर दिल्लीकडून येणारी एक गाडी थांबते. तिच्या डब्यांवर ‘मंगला लक्षद्वीप एक्सप्रेस’ असे लिहिलेले असते. आमचा धाकटा पाच-सहा वर्षांचा असताना ती पाटी अक्षर अक्षर लावून वाचायचा आणि विचारायचा, “अब्बू, ही गाडी बेटावर कशी जाते?” आम्ही हसून विषय बदलत असू. गाडी एर्नाकुलमला थांबते, पुढे पाणीच पाणी. त्या पाण्यापलीकडे आपण कधी जाऊ, हे मात्र मनात आले नव्हते.

आम्ही मालेगावची माणसे. मोसम आणि गिरणा एवढेच आमचे पाणी. समुद्राच्या गाजेपेक्षा लूमचा खडखडाट आमच्या कानांना जवळचा. आम्ही दोघे नवरा-बायको शाळेत शिकवतो, पण घर विणकरांचेच. अब्बांनी वयाच्या चौदाव्या वर्षी कारखान्यात पाऊल टाकले आणि सत्तरी जवळ आली तेव्हा कुठे लूम सोडला. कापड दिसले की अंगठा आणि पहिले बोट यांच्यात धरून चोळून पाहायचे, ही त्यांची सवय अजून सुटलेली नाही. लग्नाच्या दावतीतही ते नकळत शेजाऱ्याच्या शेरवानीची बाही तपासतात आणि अम्मी हयात असताना त्यावरून त्यांना ऐकून घ्यावे लागे.

दोन वर्षे भिशीत पैसे टाकले, परवान्याचे कागद जमवले आणि दिवाळीच्या सुटीत आम्ही पाच जण त्याच गाडीत बसलो. आम्ही दोघे, नववीतली मोठी, सहावीतला धाकटा आणि अब्बा. कोकणातले बोगदे, मग कारवार, मंगळूर, आणि शेवटी एर्नाकुलम. कोचीहून जहाज. या सहलीचा शिरस्ता असा, की रात्री जहाजावर झोपायचे आणि दिवसा बेटावर उतरायचे. पहिल्या रात्री सगळ्यांना उलट्या झाल्या, अब्बा सोडून. ते म्हणाले, “साठ वर्षे हलत्या जमिनीवर उभा राहिलोय. कारखान्याची फरशी याच्यापेक्षा जास्त हलते.”

सकाळी जहाज थांबले ते कल्पेनी बेटाबाहेर. लक्षद्वीपच्या ३६ बेटांपैकी जेमतेम दहांवर वस्ती आहे. कल्पेनी त्यांपैकी एक. कोचीपासून सुमारे २८७ किलोमीटर दूर, क्षेत्रफळ तीन चौरस किलोमीटरही नाही. मोठे जहाज बेटाला लागत नाही, कारण बेटाभोवती प्रवाळाचे कडे आहे. कड्याच्या बाहेर खोल निळा समुद्र आणि आत उथळ, हिरवट, काचेसारखे पाणी. या आतल्या पाण्याला लगून म्हणतात. छोट्या होडीत उतरून लगून ओलांडायचा. पूर्वेकडच्या किनाऱ्यावर प्रवाळाच्या मोठमोठ्या दगडांचा बांध दिसतो. तो माणसांनी रचलेला नाही, १८४७ च्या वादळाने समुद्रातून उचलून टाकलेला आहे. नारळाची झाडे, स्वच्छ गल्ल्या, मशिदी, सायकलवरून शाळेला निघालेल्या मुली. असे सांगतात, की या बेटांवर मुलींना शाळेत पाठवण्याची सुरुवात कल्पेनीतच झाली. हे ऐकून आम्हा दोघा मास्तरांना बेट आणखी आवडले.

होडीवाले पन्नाशीचे होते. बरोबरचे केरळी प्रवासी त्यांना ‘इक्का’ म्हणत, म्हणजे थोरला भाऊ. आम्हीही तेच म्हणू लागलो. हिंदी ते चांगले बोलत. ओहोटी लागली होती. समोरच्या तिलक्कम आणि पिट्टी या निर्मनुष्य बेटांच्या बाजूला पाणी गुडघ्याएवढे झाले होते. इक्कांनी होडी लावली आणि सगळ्यांना तीन गोष्टी बजावल्या: चप्पल काढायची नाही, प्रवाळावर पाय द्यायचा नाही, काहीही उचलायचे नाही. मुलांचे हात आम्ही घट्ट धरले. आम्हाला धास्ती होती ती मुलांची.

अब्बा एकटेच थोडे पुढे गेले. तिथे प्रवाळाचा एक मेलेला दगड कुणीतरी उलटा करून ठेवला होता. बहुधा कालवाच्या किंवा ऑक्टोपसच्या शोधात. त्याच्याखालच्या वाळूत काहीतरी होते. अब्बा वाकले. आम्ही पाहिले, त्यांचा उजवा हात पाण्यात चालला होता, अंगठा आणि पहिले बोट पुढे करून. अगदी तसाच, जसा तो कापडाकडे जातो.

“तोडल्ले! तोडल्ले!” इक्का ओरडले.

आम्हाला वाटले, काहीतरी तुटले असे ते म्हणत आहेत. धाकटा तर म्हणाला, “दादाजींनी काय तोडले?” इक्का पाणी उडवत धावले आणि त्यांनी अब्बांचे मनगट धरून वर खेचले. अब्बांची बोटे त्या वस्तूपासून वीतभर अंतरावर होती. ‘तोडल्ले’ म्हणजे मल्याळममध्ये ‘हात लावू नका’, हे आम्हाला नंतर कळले.

खाली होता एक शंख. जेमतेम दहा सेंटीमीटर लांब, एका टोकाला निमुळता, दुसऱ्या टोकाला रुंद. अंगावर पातळ तपकिरी साल, पण तिच्यातूनही नक्षी दिसत होती. सोनेरी-पिवळी जमीन, तिच्यावर लहानमोठे पांढरे त्रिकोण, जणू तंबूंची रांगच, आणि प्रत्येक त्रिकोणाला बारीक गडद काठ. आम्ही बघतच राहिलो. मग निमुळत्या टोकातून एक नळी हळूच बाहेर आली आणि पाण्यात इकडेतिकडे वळू लागली. शंख रिकामा नव्हता. आत मालक हजर होता.

इक्का म्हणाले, “ही नळी त्याचे नाक आहे. वास घेतोय. याचे हत्यार वेगळे आहे, ते दिसत नाही.” त्यांनी वल्ह्याच्या टोकाने तो दगड अलगद पूर्वीसारखा पालथा घातला आणि म्हणाले, “दिवसा हा झोपतो. ज्याने दगड उलटा केला त्याने याचे छप्पर काढले.”

ही शंकू-गोगलगाय. शास्त्रीय नाव कोनस टेक्सटाइल. लिनियसने १७५८ मध्ये तिला हे नाव दिले. टेक्सटाइल म्हणजे विणलेले कापड. इंग्रजीत तिला सोन्याच्या कापडाचा शंकू असेही म्हणतात. तांबड्या समुद्रापासून आणि आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून थेट हवाईपर्यंत, उष्ण समुद्रांतल्या प्रवाळांमध्ये ती राहते. गोगलगाय म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे पावसाळ्यात भिंतीवर सरकणारा गरीब जीव येतो. ही मात्र शिकारी आहे. रात्री बाहेर पडते, वासावरून सावज शोधते आणि दुसऱ्या गोगलगायी खाते. कवड्याही तिच्या खाण्यात येतात. ज्या कवड्या एके काळी मालदीव आणि आसपासच्या बेटांवरून जहाजे भरभरून बंगालला जात आणि तिथे पैसा म्हणून चालत, त्याच कवड्या या बाईसाहेबांचे जेवण.

पण इतका संथ जीव शिकार पकडतो कसा? त्याच्याजवळ सुई आहे. प्रत्येक गोगलगायीच्या तोंडात खरवडण्यासाठी बारीक दात असतात. शंकू-गोगलगायीत या दाताचे रूप बदलून तो लांब, पोकळ आणि टोकदार झाला आहे, अगदी इंजेक्शनच्या सुईसारखा. असे अनेक दात आत एका पिशवीत तयार असतात. वापरायच्या वेळी एक दात सोंडेच्या टोकाशी येतो, त्यात विष भरते आणि तो सावजात घुसतो. एक दात एकदाच वापरायचा, पुढच्या वेळी नवा. माणसाने शंख हातात धरला की तिला वाटते, कुणी आपल्याला खायला आले. मग तोच दात आपल्या तळव्यात किंवा बोटात. रुंद टोकाने धरले तर धोका नाही, असा एक समज आहे. तो चुकीचा आहे. सोंड मागेपर्यंत वळू शकते.

विष स्नायूंच्या आणि नसांच्या मधला निरोप तोडते. आधी मुंग्या आणि बधिरपणा, मग धूसर दिसणे, जीभ जड होणे आणि गंभीर असेल तर श्वासाचे स्नायू थांबणे. यावर उतारा असलेले औषध नाही. माणूस वाचतो तो त्याचा श्वास यंत्राने किंवा तोंडाने चालू ठेवला तर. माणसांचे जे मृत्यू नोंदले गेले, त्यांतले बहुतेक हिच्या एका बहिणीमुळे झाले, जिला जिओग्राफी शंकू म्हणतात आणि जी मासे मारते. पण टेक्सटाइल शंकूचीही गणना माणसाला धोकादायक असलेल्या जातींतच होते.

हे ज्ञान नवे नाही. सतराव्या शतकात आजच्या इंडोनेशियातल्या अंबोन बेटावर रुम्फियस नावाचा एक निसर्ग अभ्यासक राहत होता. १६७० मध्ये त्याची दृष्टी गेली. चार वर्षांनी भूकंपात बायको आणि मुलगी गेली. तरीही तो शंख हाताने चाचपून, इतरांकडून लिहवून घेत राहिला. त्याचा ग्रंथ १७०५ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर छापला गेला. त्यात बांदा बेटावरच्या एका गुलाम स्त्रीची हकीकत आहे. जाळे ओढताना तिने असाच एक शंख पाण्यातून उचलला आणि हातात धरून किनाऱ्याकडे चालू लागली. हाताला खाज सुटली, ती दंडावर चढली, अंगभर गेली आणि ती बाई मरण पावली. तिचे नाव कुणी लिहून ठेवले नाही. आम्ही हे घरी आल्यावर वाचले, तेव्हा पुन्हा अब्बांचा हात डोळ्यांपुढे आला.

त्या दिवशी होडीत कुणी फारसे बोलले नाही. मोठीने अब्बांचा उजवा हात आपल्या दोन्ही हातांत धरून ठेवला होता. जहाजावर परतल्यावर मगरिबनंतर अब्बा डेकवर बसले. आम्ही चहा घेऊन गेलो. ते बराच वेळ पाण्याकडे पाहत होते. मग म्हणाले, “मला शंख दिसलाच नाही. मला कापड दिसले. वाटले, कुणाचा तरी तुकडा पडलाय, बघू तरी विण कशी आहे.”

त्यांचे म्हणणे अगदीच चुकीचे नव्हते. हा शंख खरोखर कापडासारखाच तयार होतो. गोगलगायीच्या अंगाची एक पातळ झालर शंखाच्या तोंडाशी असते. ती झालर कडेवर चुन्याचा एक बारीक थर चढवते आणि त्याबरोबर रंग. मग त्याच्यापुढे दुसरा थर. फणी जशी एकेक बाणा ठोकत जाते आणि कापड पुढे सरकते, तसा शंख कडेकडून वाढतो. झालेली ओळ पुन्हा उसवता येत नाही. झालरीतली प्रत्येक पेशी रंग सोडायचा की नाही, हे शेजारच्या पेशी काय करतात त्यावर ठरवते, असे शास्त्रज्ञ मानतात. आखून दिलेला नकाशा कुठेच नसतो.

आम्ही हे अब्बांना समजावून सांगितले. त्यांनी विचारले, “मग एवढे त्रिकोण कसे जमतात? कुणीतरी डिझाईन दिलेच असेल ना?”

याचे उत्तर आम्ही शाळा सुरू झाल्यावर आठवीच्या वर्गात शोधले. गणितात एक खेळ आहे. स्टीफन वुल्फ्रम यांनी १९८० च्या दशकात अशा खेळांचा अभ्यास केला आणि त्यातल्या एकाला ‘नियम ३०’ म्हणतात. आलेखाचा कागद घ्या. सर्वांत वरच्या ओळीत मधले एकच घर काळे करा. आता खालच्या ओळीतले प्रत्येक घर असे भरा: त्याच्या डोक्यावरचे घर आणि त्या घराच्या उजवीकडचे घर, ही दोन्ही पांढरी असतील तर डोक्यावरच्या घराच्या डावीकडच्या घराची नक्कल करा. दोघांपैकी एकही काळे असेल, तर त्या डावीकडच्या घराच्या उलट करा. बस्स. असेच ओळीमागून ओळ. पंधरा-वीस ओळी झाल्या की कागदावर लहानमोठे पांढरे त्रिकोण उभे राहतात आणि ते या शंखाच्या नक्षीशी इतके जुळतात की पाहणारा थबकतो. गोगलगाय नेमका हाच नियम पाळते असे नव्हे. पण साधा नियम, शेजाऱ्याकडे पाहून पाळलेला, एवढी मोठी नक्षी उभी करू शकतो, हे मुलांना पटते. तुमच्या घरीही सुटीच्या दिवशी हा खेळ मुलांबरोबर करून पाहा.

या विषाची दुसरी बाजूही आम्हाला वाचायला मिळाली. फिलिपाईन्समध्ये जन्मलेले बाल्डोमेरो ऑलिव्हेरा लहानपणापासून हे शंख पाहत आले होते. पुढे त्यांनी विष तपासायला घेतले तेव्हा लक्षात आले, की ते एक विष नाही. एकेका जातीच्या विषात शंभराहून अधिक वेगवेगळे रेणू आहेत आणि प्रत्येकाचे काम ठरलेले. अमेरिकेत त्यांच्या प्रयोगशाळेत मायकेल मॅकिन्टॉश हा नुकताच कॉलेजात आलेला मुलगा काम करत होता. त्याने कोनस मॅगस या दुसऱ्या जातीच्या विषातून एक रेणू वेगळा काढला. तो वेदनेचा निरोप मणक्यातच अडवतो. त्यावरून झिकोनोटाइड हे औषध तयार झाले आणि डिसेंबर २००४ मध्ये अमेरिकेत त्याला मंजुरी मिळाली. ज्यांची वेदना मॉर्फिनलाही दाद देत नाही, अशा रुग्णांना ते पंपाद्वारे मणक्याभोवतीच्या द्रवात देतात. मॉर्फिनसारखे व्यसन त्याचे लागत नाही. अम्मींचे शेवटचे तीन महिने आम्ही पाहिले आहेत. रात्री दोनला त्यांचे कण्हणे ऐकून अब्बा उठून ओसरीवर जाऊन बसत. म्हणून हे वाचताना आम्ही एकमेकांकडे पाहिले नाही. पान उलटले, एवढेच.

परतीच्या दिवशी आणखी एक गोष्ट घडली, ती सांगायला हवी. किनाऱ्यावरच्या वाळूत मोठीला तसाच एक शंख मिळाला. रिकामा, ऊन खाऊन थोडा फिका झालेला, पण नक्षी साफ. यावेळी आम्ही आधी इक्कांना दाखवला. त्यांनी आत पाहिले, हलवून पाहिले आणि म्हणाले, “कुणी नाही.” मोठीचे डोळे चमकले. आमच्या शाळेच्या विज्ञानाच्या कपाटात दोन बेडूक, एक साप आणि गंधकाची बाटली एवढाच ऐवज आहे. हा शंख तिथे ठेवला तर! आमच्याही मनात तेच आले, हे कबूल करतो. पिशवीत एक शंख गेला तर कुणाला कळणार?

इक्का काही बोलले नाहीत. त्यांनी फक्त थोड्या अंतरावर बोट दाखवले. तिथे एक संन्यासी खेकडा चालला होता. या खेकड्याचे पोट मऊ असते, त्याला स्वतःचे कवच नसते. रिकामे शंख हेच त्याचे घर. या खेकड्याने पाठीवर घेतले होते ते शंखाचे फुटके टोक. अर्धे अंग बाहेर होते.

मोठीने आमच्याकडे पाहिले. आम्ही अब्बांकडे पाहिले. अब्बा म्हणाले, “बेटा, भाड्याने राहणाऱ्याचे हाल मला माहीत आहेत. ठेव ते घर.” तिने शंख वाळूत ठेवला. खेकडा लगेच आला वगैरे काही झाले नाही. होडी सुटली तेव्हा शंख तिथेच पडून होता.

वाचक बंधू-भगिनींनो, शंकू-गोगलगायी फक्त दूरच्या बेटांवर नाहीत. आपल्या कोकणच्या खडकाळ किनाऱ्यांवरही त्यांच्या लहान जाती आढळतात. सुटीत मुलांना घेऊन रत्नागिरी, मालवण, गोव्याकडे जाल तेव्हा एवढे ध्यानात ठेवा. ओल्या वाळूत किंवा पाण्यात आइस्क्रीमच्या कोनासारखा शंख दिसला, तर तो रिकामा आहे असे समजू नका. हातात घेऊ नका, खिशात तर मुळीच टाकू नका. कुणाला टोचलेच, तर तो हात किंवा पाय हलू देऊ नका, पट्टी गुंडाळून स्थिर ठेवा, जखम कापू किंवा चोखू नका आणि वाट न पाहता इस्पितळ गाठा. श्वास मंद होऊ लागला तर कृत्रिम श्वास चालू ठेवा. आणि दगड उलटा केला असेल, तर पुन्हा पालथा करून ठेवा.

विज्ञानाच्या कपाटात आता शंखाच्या जागी एक चौकट आहे. आलेखाच्या कागदावर अब्बांनी पेन्सिलीने ती नक्षी काढली आहे. तीन रात्री ते चष्मा लावून बसले होते, नियम ३० न वापरता, नुसत्या आठवणीतून. सोनेरी जमीन, पांढरे तंबू, गडद काठ. खाली त्यांनी उर्दूत सही केली आणि कारखान्यात ताग्यावर लिहायचे तसा नंबर टाकला. मुले विचारतात, “सर, हे कुठल्या साडीचे डिझाईन आहे?” मग आम्ही खुर्ची ओढतो आणि मनमाड स्टेशनच्या गाडीपासून सुरुवात करतो.